इतकी वर्षे कोठे होतात?

दलितांच्या इतिहासाची साधने कोणती, असा प्रश्न निघाला की आपण गॅझेटियरांकडे, सत्याग्रहांच्या बातम्यांकडे आणि बाबासाहेबांच्या लेखनाकडे वळतो. खेड्यातल्या प्राथमिक शाळेच्या कपाटात धूळ खात पडलेले दाखल-खारीजचे रजिस्टर इतिहासाचे साधन म्हणून कोणी उघडत नाही. माझ्या मते ते उघडले पाहिजे. बुलढाणा जिल्ह्यात शिक्षक म्हणून काम करताना ही रजिस्टरे वर्षानुवर्षे माझ्या हाताखालून गेली आहेत. ज्या घराचे नाव त्यापूर्वी फार तर वतनाच्या कागदात किंवा सावकाराच्या वहीत असे, त्या घरातल्या मुलाचे नाव, जात आणि जन्मतारीख एकत्रितपणे सरकारी वहीत पहिल्यांदा चढली ती येथे. ती चढवणारा हात मात्र त्या घरातला नव्हता.

पुढे तीस-चाळीस वर्षांनी ही नोंद चुकीची असल्याचे उघड होते. कोणाची तारीख चुकलेली असते, कोणाची जात, कोणाच्या बापाचे नाव. माणूस आधी शाळेत जातो, मग शिक्षणाधिकाऱ्याकडे, मग कोर्टात. तेथे त्याला पहिला प्रश्न विचारला जातो तो नोंद खरी की खोटी हा नव्हे. पहिला प्रश्न असतो : इतकी वर्षे कोठे होतात? कायद्याच्या भाषेत याला मुदत म्हणतात, विलंब म्हणतात. या प्रश्नाला इतिहास आहे, आणि तो आमचा इतिहास आहे. त्याची मांडणी करावी एवढ्यासाठी हा लेख.

प्रथम नोंद कशी होई ते पाहू. वऱ्हाड १८५३ मध्ये निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आले आणि १९०३ मध्ये मध्य प्रांताला जोडले गेले. बुलढाणा जिल्हा १९५६ मध्ये द्वैभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. राज्ये बदलली, पण गावातली जन्मनोंद फारशी बदलली नाही. ती कोतवालाच्या वहीत होई. तिला आजही लोक कोतवाल बुक म्हणतात आणि तिची नक्कल तहसिलीतून काढावी लागते. या वहीत पुष्कळदा मुलाचे नाव नसते. अमक्याला अमुक तारखेस मुलगा झाला, जात अमुक, एवढेच असते. त्या बापाला तीन मुलगे असले तर ही नोंद कोणाची, हे शाबीत करणे पुढे वकिलाचे काम होऊन बसते.

शाळेत नाव घालताना ही नक्कल क्वचितच कोणी मागितली. आई रोजाने निंदायला गेलेली, बाप अक्षरशत्रू; मुलाला शेजारचा कोणी घेऊन आलेला. मास्तर मुलाकडे पाहात, उजवा हात डोक्यावरून डाव्या कानाला पोचतो का ते बघत आणि एक तारीख लिहीत. ती बहुधा १ जून किंवा १ जुलै असे, कारण शाळेचे वर्ष त्या सुमारास सुरू होते. जुन्या रजिस्टरची पाने उलटा : अर्धा वर्ग एकाच दिवशी जन्मलेला दिसेल. नावांचेही तेच. घरात ज्याला लाडाने जे म्हणत ते नाव, बापाचे नाव उच्चाराप्रमाणे, आडनाव मास्तरांना सुचेल ते. एका भावाचे आडनाव गावावरून, तर दुसऱ्याचे आजोबांच्या नावावरून, असे सख्खे भाऊ मी पाहिले आहेत. स्वतः बाबासाहेब ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेत दाखल झाले तेव्हा रजिस्टरात नाव पडले ते भिवा. त्या दिवसाची आठवण म्हणून राज्य शासनाने २०१७ मध्ये ७ नोव्हेंबर हा विद्यार्थी दिवस म्हणून जाहीर केला. आपण त्या नोंदीला वंदन करतो ते योग्यच आहे. परंतु तशाच वह्यांतल्या हजारो नोंदींनी पुढे काय केले, त्याचाही हिशेब आपणच मांडला पाहिजे.

या वहीतला सर्वांत गुंतागुंतीचा रकाना जातीचा. १४ ऑक्टोबर १९५६ नंतर आमच्या गावोगावच्या वस्त्यांनी जुना धर्म टाकला आणि पुढच्या जूनपासून शाळेत मुले घालताना जातीच्या रकान्यात 'बौद्ध' लिहायला सांगितले. यामागे लाभाचा हिशेब नव्हता. पोराच्या कपाळावरचा डाग पुसायचा, एवढाच हेतू होता. काही मास्तरांनी 'बौद्ध' लिहिले, काहींनी 'नवबौद्ध', काहींनी 'हिंदू महार' असे हट्टाने लिहिले. एकाच घरातल्या तीन भावंडांच्या दाखल्यांवर तीन प्रकार आढळतात.

इकडे १९५० च्या अनुसूचित जाती आदेशाने धर्माची अट घातलेली होती. धर्मांतर केले की केंद्राच्या सवलती गेल्या. महाराष्ट्राने १९६० मध्ये राज्याच्या सवलती बौद्धांना लागू केल्या; केंद्राचा कायदा दुरुस्त व्हायला १९९० साल उजाडावे लागले. म्हणजे १९६० ते १९९० या तीस वर्षांत 'बौद्ध' ही नोंद राज्याच्या दारात चालत होती आणि केंद्राच्या दारात नडत होती. १९९० नंतर केंद्रानेही दार उघडले. पण आता मूळची अनुसूचित जात कोणती त्याचा पुरावा आणा, अशी मागणी आली. ज्या नोंदीने जात सोडली तिच्यातूनच जात काढून दाखवा, असा हा प्रकार झाला. तेव्हा चाळिशीला आलेल्या माणसाला दाखला दुरुस्त करण्याची गरज १९९० मध्ये पहिल्यांदा भासली असेल, तर त्याचा विलंब किती वर्षांचा धरायचा?

जिल्ह्याच्या हद्दीवर आणखी एक गोष्ट आहे. कैकाडी जात बुलढाण्यासह विदर्भाच्या जुन्या जिल्ह्यांत, चंद्रपूरचा राजुरा तालुका वगळून, अनुसूचित जातीत आहे. उर्वरित महाराष्ट्रात ती विमुक्त जातीत मोडते. देऊळगाव राजाहून जालन्याकडे निघाले की थोड्याच वेळात जिल्हा संपतो आणि त्याच माणसाचा प्रवर्ग बदलतो. टोपल्या विणत हद्दीच्या दोन्ही बाजूंनी फिरणाऱ्या कुटुंबातला मुलगा कोणत्या गावी शाळेत बसला, त्यावर त्याचे पुढचे आयुष्य ठरते. त्याचा बाप शाळा निवडत नव्हता. ज्या गावी पाल पडले त्या गावची शाळा.

आता कायद्याचे घड्याळ पाहू. हक्क जाहीर करून मागण्याच्या दाव्याला १९०८ च्या मुदतीच्या कायद्यात सहा वर्षे मिळत. १९६३ च्या कायद्याने, त्याच्या अनुच्छेद ५८ प्रमाणे, ती तीनवर आणली आणि दावा करण्याचा हक्क 'प्रथम' उत्पन्न झाला त्या दिवसापासून मोजायची असे ठरवले. धर्मांतरानंतरची आमची पहिली पिढी प्राथमिक शाळेच्या बाकावर बसली होती, नेमके त्याच वेळी ही मुदत निम्मी झाली. आमच्यासाठी म्हणून ती निम्मी केली असे कोणी म्हणणार नाही. पण तिचा भार आमच्यावर पडला हे खरे. याच कायद्याच्या कलम ३ प्रमाणे प्रतिवादीने हरकत घेतली नाही तरी मुदतबाह्य दावा कोर्टाने काढूनच टाकायचा असतो. कलम ५ मधली विलंब माफीची सोय अपिलांना आणि अर्जांना आहे, दाव्यांना नाही. अज्ञान मुलाला कलम ६ आणि ८ प्रमाणे सवलत मिळते. म्हणजे अठरा पूर्ण झाल्यावर तीन वर्षे. शाळेच्या दाखल्यावरची चूक एकविसाव्या वर्षाच्या आत कोर्टात नेली पाहिजे, असा याचा साधा अर्थ होतो. एकविसाव्या वर्षी आमचा मुलगा पुण्याच्या किंवा सुरतेच्या कारखान्यात असतो. दाखला घरी पत्र्याच्या पेटीत असतो.

नोकरीत शिरल्यावर दुसरे घड्याळ सुरू होते. राज्याच्या १९८१ च्या सेवाशर्तीच्या नियमांतला नियम ३८ सांगतो की जन्मतारखेच्या बदलाचा अर्ज नोकरीला लागल्यापासून पाच वर्षांत केला पाहिजे. केंद्राचाही असाच नियम आहे. १९५६ मध्ये नोकरीस लागलेल्या एका कर्मचाऱ्याने १९९१ मध्ये तारीख बदलून मागितली तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने १९९३ च्या हरनाम सिंग निकालात ती नाकारली. पाच वर्षांची अट १९७९ मध्ये आली हे खरे, पण निदान तेव्हापासून पाच वर्षांत तरी यायला हवे होते, असे न्यायालय म्हणाले. त्याच वर्षीच्या किरुबाकरन निकालात कारणही सांगितले आहे. एकाची तारीख पुढे गेली की तो खुर्चीवर अधिक राहतो आणि खाली बढतीची वाट पाहणाऱ्यांची साखळी अडते. पुढे २०१० मध्ये महाराष्ट्रातल्या एका प्रकरणात आणि २०२१ मध्ये कर्नाटकातल्या एका प्रकरणात हेच पुन्हा सांगितले गेले.

हे कारण खोटे आहे असे मी म्हणणार नाही. निवृत्तीच्या तोंडावर तारीख बदलून घेणारे लबाड सर्व जातींत असतात आणि खाली वाट पाहणारा कारकून आपलाही असू शकतो. न्यायालयाने त्याचा विचार केला, यात गैर काही नाही. माझा आक्षेप पुढे आहे. जो युक्तिवाद तारखेला लागू पडतो तोच नावाच्या आणि जातीच्या शब्दाला सरसकट लावला जातो. बापाच्या नावातली वेलांटी सुधारली, 'बौद्ध' च्या जागी पूर्वाश्रमीची जात नोंदली, तर कोणाची बढती अडते? तरीही प्रश्न तोच : इतकी वर्षे कोठे होतात?

आता या चित्राची दुसरी बाजू. उशिराचा कायदा सर्वांशी सारखाच कठोर वागला असता तर निदान समता तरी म्हटली असती. पण आपल्याच विदर्भातून गेलेला महाराष्ट्र शासन विरुद्ध मिलिंद हा खटला वेगळे सांगतो. १९८५-८६ मध्ये हलबा या अनुसूचित जमातीच्या राखीव जागेवर वैद्यकीय प्रवेश मिळाला होता. पडताळणी समितीने दाखला अवैध ठरवला. प्रकरण २००० सालच्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठापुढे निकाली निघाले. घटनापीठाने स्पष्ट सांगितले की हलबा-कोष्टी हे यादीतल्या हलबा जमातीत येत नाहीत. यादीत भर घालण्याचा अधिकार कोर्टालाही नाही. मात्र पंधरा वर्षे उलटली आहेत, शिक्षणावर सार्वजनिक पैसा खर्च झाला आहे, तेव्हा पदवीला हात लावू नये, असेही म्हटले. येथे गेलेल्या काळाने दाखला नसलेल्याला हात दिला.

कोष्टी समाज हा हातमागावर डोळे घालवणारा कष्टकरी समाज आहे, त्याच्याविषयी माझ्या मनात किल्मिष नाही. पण त्या जागेवर ज्या आदिवासी मुलाचे नाव लागायचे होते त्याचे काय झाले, हे कोणत्याच निकालपत्रात सापडत नाही. तो कोर्टात आलाच नाही. तो उशिरा आला असता तर त्याला मुदत विचारली गेली असती.

या निकालाचा आधार घेऊन नोकऱ्यांना संरक्षण मागण्याची रीघ लागली. २०१४ मध्ये नागपूर खंडपीठाच्या पूर्णपीठाने, ज्यांनी लबाडी केलेली नाही अशांच्या नोकऱ्या वाचवाव्यात असा निर्णय दिला. ६ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला. महाराष्ट्राचा २००० चा जात प्रमाणपत्र कायदा, जो ऑक्टोबर २००१ पासून अमलात आहे, त्याच्या कलम १० प्रमाणे खोट्या दाखल्यावर मिळालेली नोकरी आणि पदवी दोन्ही जातात. किती वर्षे गेली हे पाहायचे नाही, असा तो निकाल. तत्त्व म्हणून तो खऱ्या हक्कदाराच्या बाजूचा आहे. परंतु डिसेंबर २०१९ मध्ये राज्य शासनाने अशा कर्मचाऱ्यांसाठी अधिसंख्य पदे निर्माण केली. म्हणजे मुदतीची भिंत संघटित लोकांसाठी शासननिर्णयाने बाजूला सरकते. एकट्या माणसासाठी ती जागची हलत नाही.

शासन स्वतः मात्र कोणत्याही मुदतीने बांधलेले नाही. अनुसूचित जातीचा दाखला मागा : १० ऑगस्ट १९५० पूर्वीच्या वास्तव्याचा आणि जातीचा पुरावा विचारतील. जमातीसाठी ही तारीख ६ सप्टेंबर १९५० आहे, विमुक्त आणि भटक्यांसाठी २१ नोव्हेंबर १९६१. पुरावा देण्याची जबाबदारी कायद्याच्या कलम ८ प्रमाणे अर्जदाराची. स्वातंत्र्यापूर्वीच्या कागदाला अधिक वजन, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सांगितले. ज्याचा आजोबा शाळेच्या पायरीलाही शिवू शकला नाही त्याने आजोबाचा शाळेचा दाखला कोठून आणावा? आणि ज्या नोंदीविरुद्ध दाद मागायला उशीर झाला म्हणतात ती तरी किती पक्की? १९८८ मध्ये एका निवडणुकीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानेच म्हटले की शाळेच्या रजिस्टरातल्या तारखेला, ती कोणी आणि कशाच्या आधारे सांगितली हे कळल्याशिवाय, फारशी किंमत नाही. आधार म्हणून दाखवा तर नोंद दुबळी. चूक म्हणून दाखवा तर तीच नोंद अभेद्य. आमची माणसे या दोन दगडांमध्ये भरडली जातात.

शासनाला मनात आणले तर काय करता येते, तेही आपण पाहिले आहे. २०२३ मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमून मराठा-कुणबी नोंदी शोधण्यात आल्या. मोडी आणि उर्दू जाणणारे बसवले गेले, जुनी दप्तरे तपासली गेली. कोणाला इतकी वर्षे कोठे होतात असे विचारले नाही. कोणाच्या नोंदी सापडू नयेत असे माझे म्हणणे नाही. सापडाव्यात. पण शासन एका समाजासाठी स्वतः कपाट उघडू शकते, तर मेहकरच्या, लोणारच्या, जळगाव जामोदच्या बौद्ध, मातंग, कैकाडी आणि आदिवासी माणसाला स्वतःच्या बापाच्या नावाची नक्कल काढायला दहा खेटे का घालावे लागतात?

अंतराचाही विचार करावा. बुलढाण्याहून छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ सुमारे दीडशे किलोमीटरवर आहे. पण आमचा जिल्हा येतो नागपूर खंडपीठाच्या अधिकारात, आणि नागपूर त्याच्या दुपटीहून लांब. रोजंदारी बुडवून, वकिलाची फी जमवून तेथवर पोचायला माणसाला जी वर्षे लागतात, ती कायदा त्याचा आळस म्हणून मोजतो.

तरीही सर्व दारे बंद नाहीत, हे कार्यकर्त्यांनी ध्यानात ठेवले पाहिजे. माध्यमिक शाळा संहितेचे नियम २६.३ आणि २६.४ दाखवून, विद्यार्थी शाळा सोडून गेला आता काही होणार नाही, असे सांगून परत पाठवण्याची रीत होती. २०१९ मध्ये औरंगाबाद येथे उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने, उघड दिसणारी चूक शाळा सोडल्यानंतरही दुरुस्त करता येते असा निर्णय दिला. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाच्या प्रमाणपत्रांबाबत सांगितले की नाव हा माणसाच्या अभिव्यक्तीचा भाग आहे आणि शाळेच्या किंवा अन्य सार्वजनिक नोंदीशी जुळणारी दुरुस्ती मंडळाने अडवू नये. त्या पीठावर अमरावतीचे न्यायमूर्ती भूषण गवई होते, जे पुढे २०२५ मध्ये सरन्यायाधीश झाले. हे निकाल शाळेच्या कार्यालयात आपोआप पोचत नाहीत. ते छापून हातात घेऊन जावे लागते.

शिक्षक बांधवांना माझे सांगणे सरळ आहे. दहावीचा अर्ज भरण्यापूर्वी प्रत्येक मुलाची रजिस्टरातली नोंद त्याच्या आईबापांना मोठ्याने वाचून दाखवा. कोतवाल बुकाची नक्कल मुलगा शाळेत असतानाच काढायला लावा. अर्ज तोंडी करू नका; लेखी करा आणि पोच घ्या, कारण पुढे कोर्टात उशीर कोणी केला याचा तोच एक पुरावा असतो. नोकरीला लागलेल्या मुलामुलींनी पहिल्याच वर्षी आपले सेवापुस्तक उघडून पाहावे.

पण हे झाले आपले काम. चळवळीची मागणी याहून मोठी असली पाहिजे. विलंब मोजताना दिनदर्शिका न पाहता, दुरुस्तीने दुसऱ्या कोणाचे नुकसान होते काय ते पाहावे. जेथे होते, जसे नोकरीतल्या जन्मतारखेत किंवा खोट्या जमातीच्या दाखल्यात, तेथे काळ कितीही गेला तरी कठोर तपासणी व्हावी. जेथे कोणाचेच होत नाही, जसे नावाच्या, बापाच्या नावाच्या आणि मूळ जातीच्या नोंदीत, तेथे मुदतीची हरकत कायद्यानेच काढून टाकावी. चूक ज्या सरकारी वहीत झाली ती तपासण्याची जबाबदारीही सरकारने घ्यावी, आणि १९५० पूर्वीची दप्तरे गावनिहाय खुली करावीत.

इतकी वर्षे कोठे होतात, या प्रश्नाचे उत्तर आमच्याजवळ आहे. आम्ही गावकुसाबाहेर होतो, आणि वही गावात होती. ती वाचता यावी एवढे शिकायला आम्हाला दोन पिढ्या लागल्या. न्यायासनाने हे उत्तर पुराव्यात घ्यावे, एवढेच मागणे आहे.